एका बिननावाच्या पाड्याचं बारसं

माणसं देवदर्शनाला जातात, लग्नाकार्याला जातात, हवा बदलायला जातात. मी नंदुरबार जिल्ह्यात गावांची नावं बघायला गेलो. हे वाक्य मी जिथं जिथं बोललो, तिथं समोरच्यानं आधी माझ्याकडं बघितलं आणि मग माझ्या बायकोकडं. बायकोनं दर वेळी 'माझा ह्यात काही संबंध नाही' अशी मान हलवली आणि ती मिरजेलाच राहिली.

पण माझंही ऐका. मी टपाल खात्यात सॉर्टर होतो. बत्तीस वर्षं मिरजेत बसून मी पत्रं खणांत टाकली. पुणे, नागपूर ह्या नावांचं मला कधी काही वाटलं नाही. पण खानदेशाच्या बाजूची नावं हातात आली की माझा हात अडायचा. खांडबारा, विसरवाडी, अक्कलकुवा, मोलगी, डाब. मोहिदे त. श. वेगळं आणि मोहिदे त. ह. वेगळं. एक तर्फ शहादा, एक तर्फ हवेली. चुकून इकडचं तिकडं गेलं तर एखाद्याच्या लग्नाची पत्रिका बारशाला पोचायची. ही नावं कुणी ठेवली, का ठेवली, ती गावं दिसतात तरी कशी, हे मला तेव्हापासून बघायचं होतं. निवृत्त झालो तेव्हा खात्यानं घड्याळ दिलं. मी त्याच दिवशी दोनशे पानी वही आणली आणि पहिल्या पानावर लिहिलं: 'नंदुरबार जिल्ह्यातील ग्रामनामे : शोध आणि बोध, लेखक शंकर मगदूम'. पुढची एकशे नव्याण्णव पानं कोरी होती.

सोय अशी की माझी मुलगी रेखा नंदुरबार तालुक्यातल्या कोरीटला दिलेली आहे. जानेवारीत थंडी बघून निघालो. रेल्वेतलं काही सांगत नाही. शेजारच्या गृहस्थांनी सगळा रस्ता गुडघेदुखीचं वर्णन केलं, ते ह्या पुस्तकात बसत नाही.

कोरीट

रेखाचे सासरे गोविंदआप्पा पाटील म्हणजे माझे व्याही. पासष्टीचे, केळी, कापूस आणि मिरचीवाले. शेताच्या ह्या बांधावरून त्या बांधावर बोलायला त्यांना फोन लागत नाही. मला बघताच ओट्यावरूनच म्हणाले, "उनात का याही! बठा, बठा. पानी ल्या."

रेखानं पाणी आणलं आणि मागं वळून आपल्या लेकावर ओरडली, "कथा गया व्हतास रे?" कुठं गेला होतास, एवढंच. मी गार झालो. आठ वर्षांपूर्वी ही पोरगी 'आलंय, गेलंय' करत गेली होती. आता तिला राग सासरच्या भाषेत येतो. माझ्याशी मात्र ती अजून माहेरच्या भाषेत बोलते, कारण मला तेवढीच कळते.

चहा होतो न होतो तोच मी वही काढली. ओट्यावर गावातले चारपाच जण जमले होते. विचारलं, "कोरीट हे नाव कसं पडलं असावं?"

एकानं सांगितलं, इथं कोरडं माळरान होतं, म्हणून. दुसरा म्हणाला, छे, उलट इथं पाण्याची कोरीव विहीर होती. तिसऱ्यानं एक कोरटे नावाचा सरदार काढला. चौथा बराच वेळ विचार करत होता, शेवटी म्हणाला, सरदाराचीच विहीर कोरडी पडली असेल. मी चारही लिहून घेतलं. माझा आनंद गगनात मावेना. एका संध्याकाळी दोन पानं!

मंडळी उठून गेल्यावर आप्पा हळूच म्हणाले, "याही, खरं सांगू? कोनलेच ठाऊक नई. तुम्ही इच्यारतस म्हनीसन लोके सांगतस. घर उना पाव्हनाले 'मले ठाऊक नई' अशे कोन सांगी?"

आमच्याकडं पाहुण्यानं पत्ता विचारला आणि तो ठाऊक नसला, तर आम्ही 'पुढं विचारा' म्हणून मोकळे होतो. इथं पाहुण्याला कोरड्या हातानं पाठवत नाहीत, मग तो काहीही मागो. मी वहीत चार उत्तरांपुढं छोटं प्रश्नचिन्ह काढलं.

जेवायला उडीद-ज्वारीच्या कळण्याची भाकरी, वांग्याचं भरीत आणि हिरव्या मिरचीचा ठेचा. मी कोल्हापूर-मिरजेकडचा माणूस, तिखटाची भीती कुणाला घालता? असं म्हणून मी ठेचा भाकरीला लोण्यासारखा लावला. त्यानंतर काय झालं ते मला नीट आठवत नाही. रेखा म्हणते, मी काही वेळ गोठ्यात जाऊन म्हशीशेजारी उभा होतो.

दुसऱ्या दिवशी आप्पा मला तोरणमाळला नेणार होते. नुसतं मला नव्हे, एक मिरचीचं पोतंही. तोरणमाळला त्यांचे जुने स्नेही आहेत. दर हिवाळ्यात आप्पा त्यांना वाळलेल्या लाल मिरचीचं पोतं देतात आणि येताना आमचूर आणि भगर आणतात. त्यांच्या वडिलांपासून चालत आलेलं आहे. सपाटीवर मिरची पिकते, डोंगरात आंबा आणि भगर, आणि मधे फक्त घाट आहे.

सकाळी आप्पा पोत्याचं तोंड सुतळीनं बांधत होते. साधी गाठ, शेतकरी मारतो तशी. मला राहवलं नाही. म्हटलं, "आप्पा, सरका. टपालाची थैली कशी बांधतात ते बघा."

मी पोत्याच्या तोंडाच्या नीट निऱ्या केल्या, दोन वेढे दिले, खालून दोरी काढली आणि खात्याची गाठ मारली. "ह्या गाठीनं बत्तीस वर्षांत एक पोस्टकार्ड सांडलेलं नाही."

आप्पा म्हणाले, "मिरची शे याही. पोस्टकार्ड नई."

"गाठीला काय कळतंय आत काय आहे ते?" मी म्हटलं. पोतं जीपच्या टपावर चढलं.

प्रकाशा

वाटेत तापीच्या काठी प्रकाशाला थांबलो. तापी आणि गोमाई इथं भेटतात. घाटावर एक धोतरवाले आजोबा उन्हाला बसले होते. त्यांना विचारायचा अवकाश, म्हणाले, "काशी माहीत आहे ना? ही प्रतिकाशी. त्यावरून प्रकाशा. काशीला जाऊन आलात आणि इथं आला नाहीत, तर काशीचं पुण्य अर्धं."

"आणि इथं येऊन काशीला गेलो नाही तर?"

आजोबांनी नदीकडं बघून थोडा विचार केला. "तर तिकिटाचा खर्च वाचला," ते म्हणाले.

मी आनंदानं लिहून घेतलं. इथं मला एक नियम सापडला. सपाटीवरच्या माणसाला राजा किंवा देव असल्याशिवाय गाव पुरं वाटत नाही. नंदुरबारचं विचारलं तर आप्पा सहज बोलून गेले, "आठे नंद गवळी राजा व्हता, त्यानी वसाडं." जणू आप्पांनी त्याला वसवताना बघितला होता. आमच्याकडं तरी काय वेगळं आहे? आमच्या प्रत्येक डोंगरात पांडव एका रात्रीत लेणं खोदून, सकाळी कोंबडा आरवला म्हणून अर्धवट टाकून निघून गेलेले आहेत. त्या कोंबड्यांनी आपल्या देशाचं फार नुकसान केलं.

सातपायरीचा घाट

शहादा मागं पडलं आणि सातपुडा समोर उभा राहिला. रस्ता चढायला लागला. वळण, मग वळणाच्या आत आणखी वळण. घरं सपाटीसारखी एकाला एक चिकटलेली नाहीत. प्रत्येक घर आपापल्या शेतात, एक ह्या टेकाडावर, दुसरं हाक ऐकू जाईल इतक्या लांब. त्यातल्या दहापंधरा घरांना मिळून पाडा म्हणायचं. मी मान बाहेर काढून बघत होतो आणि आप्पांना विचारत होतो, हे काय, ते काय.

एका मोठ्या वळणावर टपावर काहीतरी सरकलं. मग सरसर असा आवाज आला. मी म्हटलं, "पाऊस?"

आप्पांनी ब्रेक मारला. काचेवरून लाल मिरच्या ओघळत होत्या.

खाली उतरून बघितलं. खात्याची गाठ सुटली नव्हती, हे मी आजही शपथेवर सांगेन. गाठ जशीच्या तशी होती. फक्त ती पोत्याच्या तोंडावर नव्हती. वाळलेली मिरची हलते, दबते, पोतं ढिलं पडतं आणि गाठ टोपीसारखी निघून येते. पत्रं दबत नाहीत, हे माझ्या लक्षात आलं नव्हतं. रस्ता, रस्त्याखालचा उतार, उतारावरचा मोठा काळा खडक, सगळं लाल झालं होतं. वाऱ्यानं उरलेल्या मिरच्या आणखी खाली नेल्या. आणि मग आम्ही शिंकायला लागलो.

आप्पा दोन शिंकांच्या मधे बोलत होते. "याही... हाच्छी... तुम्हनी गाठ... हाच्छी... भलती झकास शे!"

शिंका ऐकूनच लोक आले असावेत. उताराखालून बाया, माणसं, म्हाताऱ्या, टोपल्या घेऊन वर येत होती. वरच्या टेकाडावरून काही उतरले, नाल्यापलीकडूनही आले. कुणी काही विचारलं नाही. सगळ्यांनी पदर, रुमाल नाकाला बांधले आणि मिरच्या वेचायला लागले. तासाभरात टोपल्या भरल्या, पण मिरचीत माती, खडे, काड्या. तशी नेणं शक्य नव्हतं.

हिरव्या साडीतल्या एक बाई पुढं आल्या. स्वच्छ शाळेतल्या मराठीत म्हणाल्या, "दादा, आम्ही ही खडकावर पसरून निवडून ठेवतो. झाली की वर जाणाऱ्या गाडीवर चढवू." ह्या सुमनताई पावरा, पाड्यावरच्या अंगणवाडीच्या ताई. आप्पा म्हणाले, "अर्धी तुम्हनी." त्या नको म्हणाल्या. मग ज्यांनी वेचली त्या सगळ्यांत अर्धी वाटायची असं ठरलं.

एवढ्यात सुमनताईंची नजर माझ्या वहीवर गेली. उघड्या पहिल्या पानावरचं नाव त्यांनी वाचलं. त्यांचा चेहरा एकदम बदलला. "तुम्ही नावाचे साहेब का? आलात एकदाचे!"

पाड्यावर

मी साहेब नाही, हे सांगायला मी तोंड उघडलं होतं. पण तोवर मला खाटेवर बसवलं होतं, आणि खरं सांगायचं तर बत्तीस वर्षांत मला कुणी साहेब म्हटलं नव्हतं. मी तोंड मिटलं.

गोष्ट अशी होती. सुमनताईंची मुलगी रविता शहाद्याला अकरावीला. एसटी रोज त्यांच्या उतारावरूनच जाते, पण थांबत नाही. थांबा आहे तो तीन किलोमीटर वर, मोठ्या गावाच्या नावाचा. रविता पहाटे तीन किलोमीटर चढून जाते, बसते, आणि तीच बस तिला तिच्या घरावरून खाली नेते. संध्याकाळी तसंच, घरावरून वर जायचं आणि चालत खाली यायचं. तिचा बाप दिलवर तिथंच बसला होता. शांत माणूस. तो म्हणाला, "होळीपर्यंत बघणार. पोरगी थकते. रस्त्याला एकटी. होळीला बस थांबली नसेल तर पुरे झालं शिक्षण." हे बोलताना त्यानं मुलीकडं बघितलं नाही. रविता चुलीपुढं भाकऱ्या थापत होती, तिचा हात थांबला.

विनंती थांबा मिळू शकत होता. सुमनताईंनी दोन अर्ज केले होते. दोन्ही परत आले, कारण पाड्याला नाव नाही. पहिल्या अर्जावर त्यांनी लिहिलं 'खालचा पाडा'. वरचे लोक तसंच म्हणतात. दुसऱ्यावर 'वरचा पाडा'. खालचे लोक तसं म्हणतात. वाचणाऱ्यानं लिहून पाठवलं: एकच पाडा वर आणि खाली कसा? एकच नाव द्या, आणि शेजारच्या वस्त्या त्याच नावानं ओळखतात अशा त्यांच्या सह्या आणा.

"नाल्यापलीकडचे काय म्हणतात?" मी विचारलं.

"पलीकडचा पाडा."

"आणि तुम्ही स्वतः?"

रुमल्याबाबा म्हणून पाड्याचे म्हातारे कारभारी होते, त्यांनी विडी विझवली. "आम्ही घर म्हणतो," ते म्हणाले.

मला हसू आलं आणि मग हसू गेलं. 'वरचा पाडा', 'खालचा पाडा' असं लिहिलेली किती पत्रं माझ्या हातातून गेली असतील! मी मोठ्या रुबाबात त्यांच्यावर 'पत्ता अपुरा' असा शिक्का मारून परत पाठवली. पत्ता पुरा होता. पाठवणारा कुठं उभा आहे तेवढं मला ठाऊक नव्हतं. मला त्या खाटेवर बसून फार लाज वाटली. रविताची बस चुकण्यात माझाही थोडा हात आहे असं वाटलं, आणि मी ठरवलं की नाव द्यायचंच.

वाईट एवढंच की मला नावं देता येतात असा माझा समज होता.

"गिरिशोभा," मी म्हटलं.

एक शेळी ओरडली.

"वनश्रीनगर? शैलपुरी? तोरणतळ?" आप्पा माझ्या बाजूला बसून पोट दाबत होते. सुमनताई अदबीनं ऐकत होत्या. मग म्हणाल्या, "काका, छान आहेत. पण कंडक्टरला ओरडता येतील का?"

मी 'वनश्रीनगर' ओरडून बघितलं. खोकला आला.

मग रुमल्याबाबा बोलले. पावरी बोलीत बोलले, सुमनताईंनी मला सांगितलं. म्हणाले, आपलं नाव आपण ठेवत नाही. मूल स्वतःचं नाव ठेवतं का? घरातले ठेवतात. नाल्याला नाव दिलं ते तिथं पाणी भरायला येणाऱ्यांनी. आंब्याला दिलं ते सावलीला बसणाऱ्यांनी. पाड्याचं नाव शेजारी ठेवतात. आपण ठेवलं तर ते कुणी हाक मारणार नाही, आणि हाक न मारलेलं नाव कागदावरच वाळून जातं.

"पण शेजाऱ्यांनी तर तीन ठेवली आहेत," मी म्हटलं.

"मग एक होईपर्यंत थांबायचं," बाबा म्हणाले. दिलवर म्हणाला, "होळी थांबत नाही."

मक्याची भाकरी, उडदाची डाळ आणि भाजलेली लाल मिरची असं जेवलो. मिरची आमचीच. तोरणमाळला पोचेपर्यंत मी एक शब्द बोललो नाही. आप्पांना ते इतकं नवीन होतं की त्यांनी दोनदा विचारलं, "तब्बेत बरी शे ना?"

तोरणमाळ

तोरणमाळ हे एवढं मोठं पठार, वर तलाव, गार वारा, आणि लांब दरीत उतरत गेलेलं सीताखाईचं टोक. मी आप्पांच्या स्नेह्यांना विचारलं, हे नाव कुठल्या राजाच्या तोरणावरून? ते म्हणाले, "तोरणाची झाडं आहेत ना इथं, त्यावरून." आणि एक झुडूप दाखवलं. मी म्हटलं, "एवढंच?" ते म्हणाले, "झाडं बरीच आहेत."

डोंगरात हे असंच. झाड असेल तर झाड, पाणी असेल तर पाणी. जाणाऱ्याला जे ओळखायचं असतं तेवढंच नावात ठेवतात, राजांना घाट चढायला लावत नाहीत.

दुसऱ्या दिवशी सकाळी तलावाजवळ चहाच्या टपरीवर बसलो होतो. टपरीवाली बाई भज्यांचं पीठ फेटत होती. आप्पांना बघून म्हणाली, "काल मिरचीपाड्यावर तुमचीच गाडी होती का?"

माझा हात आपोआप वहीकडं गेला. सवय. मिरचीपाडा! हे नाव मी कधी वाचलं नव्हतं. "अहो बाई, मिरचीपाडा हे नाव कसं पडलं असेल?"

बाईनं झारा हातात धरून माझ्याकडं बघितलं. "तुम्हीच पाडलं की," ती म्हणाली.

मला कळेना. मग तिनं सांगितलं. कालपासून खालून येणारा जो तो सांगत होता की घाटात उतारावर खडक लाल झालाय. वरून येताना दिसतो, नाल्यापलीकडून दिसतो, खालच्या रस्त्यावरून तर पार लांबून दिसतो. दुधवाला म्हणाला मिरचीपाडा, लाकडं आणणारी म्हणाली मिरचीपाडा. आता तिची सून सकाळी दळणाला गेली, तीही सांगून गेली की येताना मिरचीपाड्यावर थांबते, तिथं निवडायला बायका बसल्यात, गप्पा होतील.

मी आप्पांकडं बघितलं. आप्पा बशीतला चहा तसाच धरून होते. "याही," ते म्हणाले, "उठा."

उतरताना

खडक खरंच लाल होता. त्याच्यावर बारा-पंधरा बाया मिरच्या निवडत होत्या. त्यात वरच्या पाड्याच्या, खालच्या पाड्याच्या आणि पलीकडच्याही होत्या, कारण वाटा सगळ्यांचा होता. मी एकेकीला विचारत गेलो, तुम्ही आत्ता कुठं आहात म्हणून सांगाल घरी? तिघींनी वेगवेगळ्या वेळी एकच सांगितलं. चौथी म्हणाली, "ह्याला काय झालंय?"

सुमनताईंना सांगितलं. त्या आधी हसल्या, मग आत जाऊन परत आलेले दोन्ही अर्ज घेऊन आल्या. दिलवर मात्र पटेना म्हणाला. "आमच्याकडं मिरचीचं एक झाड नाही."

रुमल्याबाबा म्हणाले, "दिलवर म्हणजे शूर. तू तरी अंधारात एकटा नाल्यावर जातोस का? तुझं नाव दिलवर आहेच की." सगळे हसले, दिलवरही हसला. बाबांनी एक मिरची उचलून शेपटाला धरली, म्हणाले, शेजाऱ्यांनी हाक मारली, आता ओ द्यायची.

मी अर्ज लिहिला. माझं अक्षर खात्यात नाव घेण्यासारखं होतं. तिन्ही वस्त्यांच्या सह्या आणि अंगठे तिथंच मिळाले, कारण सगळे तिथंच होते. शाईची उशी नव्हती म्हणून अंगणवाडीतलं रंगाचं साहित्य वापरलं, त्यामुळं अर्धे अंगठे पोपटी आहेत. कंडक्टरची हाक म्हणून आप्पांनी एकदा 'मिरचीपाडा!' असं ओरडून बघितलं. पलीकडच्या टेकाडावरून कुणीतरी 'ओ' दिली.

वहीत मी त्या नावापुढं मूळ, अर्थ, सगळं लिहिलं आणि लेखकाच्या तोंडावर मारल्यासारखं खाली कारणही लिहिलं: टपालाची गाठ. पुढं कधी कुणी पंडित येईल. तो म्हणेल इथं पूर्वी मिरचीची मोठी शेती होती, किंवा मिरचे नावाचा सरदार होता. पाड्यावरचे लोक त्याला खाटेवर बसवतील, भाकरी देतील आणि तो म्हणेल त्याला हो म्हणतील. माझी हरकत नाही.

मिरज

परत आल्यावर बायकोनं विचारलं, किती नावं सापडली? मी म्हटलं, एक. तीही सांडली. तिनं आमचुराचा डबा उघडला.

आमचूर चांगला होता. भगर उपासाला संपली. होळी जवळ येत होती आणि माझं कॅलेंडरकडं जाणं-येणं वाढलं होतं. दोन दिवसांवर होळी असताना सुमनताईंचा फोन आला.

"काका, आज बस थांबली."

मी म्हटलं, "बसली का रविता?"

"सकाळी बसली की, थेट दारातून. सगळा पाडा बघायला उभा होता. रुमल्याबाबांनी नारळ फोडला, ड्रायव्हरला खोबरं दिलं." मग त्या हसल्या. "पण संध्याकाळी गंमत झाली."

"काय झालं?"

"येताना कंडक्टर ओरडला, मिरचीपाडा! कुणी उठेना. पुन्हा ओरडला. रविता खिडकीशी बसली होती, रोजच्यासारखी वर उतरायच्या तयारीत, तीही बघतेय कोण उतरतंय म्हणून. तिसऱ्यांदा ओरडला आणि बस निघाली. तेव्हा तिला आठवलं, अरे, हे तर आपणच! तोवर बस चढणीला लागली, थांबवेपर्यंत एक किलोमीटर वर गेली. तिथून चालत आली."

मी इतका हसलो की बायको स्वयंपाकघरातून बाहेर आली. मग मला एकदम दिलवरची आठवण झाली. होळीला दोन दिवस, आणि पोरगी पुन्हा चालत आलेली.

"दिलवर काय म्हणाला?" मी विचारलं.

"आधी तिच्या हातातलं दप्तर घेतलं, खुंटीला लावलं." सुमनताई सांगत होत्या. "मग म्हणाला, नीट ऐकत जा गं. मिरचीपाडा म्हणजे आपण. पुढचं अख्खं वर्ष तुला तिथंच उतरायचंय."